‘पळाले’ऐवजी ‘वळले’ असे वाचावे

माझ्या मावशीच्या डोक्यावर परिणाम झालाय, असं आमच्या नात्यात निदान सहा जणांचं मत आहे. सहांपैकी एकानेही तिची पुस्तकं वाचलेली नाहीत. एक पुस्तक वाचायला पाऊण तास लागतो, चित्रं बघत वाचलं तर एक तास. तेवढाही वेळ या मंडळींना मिळालेला नाही, पण मत मात्र तयार आहे. कुणाच्या लग्नात भेटले की मला कोपऱ्यात घेऊन विचारतात, "काय गं, राजेमहाराजांची टिंगल करते म्हणे तुझी मावशी?" पूर्वी मी समजावून सांगायचे. आता तोंड दुखवण्यापेक्षा लिहून काढते, म्हणजे पुढच्या वेळी कागदच हातात देता येईल.

मावशी मुद्रितशोधक होती. छापायला निघालेल्या मजकुरातल्या चुका काढणं हे तिचं पोटापाण्याचं काम. शाळेची पाठ्यपुस्तकं जिथे छापली जात, त्या छापखान्यात तिने एकतीस वर्षं नोकरी केली. ऱ्हस्व-दीर्घाच्या बाबतीत ती इतकी कडक होती की छापखान्यात तिला वेलांटीबाई म्हणत. तोंडावर म्हणायची कुणाची छाती नव्हती, पण तिला ते ठाऊक होतं आणि मनातून आवडतही होतं. आजही एखाद्या दुकानाच्या पाटीवर चुकीची वेलांटी दिसली की ती आत शिरते. काही विकत घ्यायला नाही.

प्रूफं तपासायची खोली छापखान्याच्या मागच्या अंगाला होती. एकच खिडकी, आणि खिडकीसमोर शेजारच्या इमारतीची भिंत. दोन टेबलं एकमेकांना चिकटवलेली. खालच्या मजल्यावर यंत्रं चालू झाली की टेबलावरची शाईची दौत हळूहळू कडेला सरकायची, आणि दर पंधरा मिनिटांनी कुणीतरी ती परत मध्ये ठेवायचं. काम जोडीने चाले. एकाने हस्तलिखित मोठ्याने वाचायचं, दुसऱ्याने छापलेल्या कागदावर नजर ठेवायची. विरामचिन्हंसुद्धा वाचायची, आणि सगळं एका सुरात, कारण सूर लावला की लक्ष अर्थाकडे जातं आणि चूक निसटते. त्यामुळे त्या खोलीतून दिवसभर असं काहीतरी ऐकू येई : "महाराजांनी तलवार उपसली स्वल्पविराम आणि अवतरण सुरू चला उद्गारचिन्ह अवतरण बंद असे ते गरजले पूर्णविराम नवा परिच्छेद."

वाचणारे होते ते पुढे माझे काका झाले. एका दुपारी भूगोलाचं पान वाचता वाचता त्याच सुरात ते म्हणाले, "खोऱ्यातील माती काळी व सुपीक आहे पूर्णविराम माझ्याशी लग्न करशील का प्रश्नचिन्ह." मावशीने कागदावरून नजर न उचलता उत्तर दिलं, "स्वल्पविराम." काकांनी पुढे सहा महिने तो स्वल्पविराम सोसला. ते गेले त्याला आता बारा वर्षं झाली. मावशी अजून त्यांच्याबद्दल बोलताना हसते.

तर, दिवसभर एका सुरात इतिहास ऐकणाऱ्या माणसाचं एकतर डोकं फिरतं, नाहीतर त्याला हसू फुटायला लागतं. मावशीला हसू फुटायला लागलं. तिच्या लक्षात आलं की आपण इतकी वर्षं इतिहास तपासतोय, पण त्यात एकाही राजाला शिंक आलेली नाही. कुणाला खाज सुटत नाही, कुणाची चप्पल हरवत नाही. शंभर हत्ती मिरवणुकीतून जातात, आणि त्यांच्यामागून झाडू घेऊन कोण गेलं ते कुणीच लिहीत नाही. राजपुत्र जन्मतो तो थेट चौदाव्या वर्षी घोड्यावर दिसतो. मधल्या काळात त्याला कुणी रागावलं की नाही याचा पत्ता नाही.

आणि क्रियापदं. माझ्या मते मावशीचा सगळ्यात मोठा शोध हा क्रियापदांचा. तिने एक वही केली होती. डाव्या बाजूला ‘आपले’, उजव्या बाजूला ‘त्यांचे’. आपला राजा लढाईतून निघाला की तो माघारी फिरतो, पवित्रा बदलतो, दूरदृष्टी दाखवतो, नाहीतर डोंगराकडे वळतो. त्यांचा राजा लढाईतून निघाला की तो पळ काढतो, धूम ठोकतो, काढता पाय घेतो, शेपूट घालतो. "दोघांच्या घोड्यांना विचारलं तर दोन्ही घोडे सांगतील एकच गोष्ट झाली म्हणून," असं ती म्हणायची.

निवृत्त झाली त्या वर्षी तिने लिहायला घेतलं. मुलांसाठी, कारण मोठ्यांकडून तिला काही आशा उरली नव्हती. ती हाताने लिहायची, मी संगणकावर उतरवायचे, आणि माझं प्रत्येक पान लाल होऊन परत यायचं. पहिलं पुस्तक ‘शिंकणारे राजे’. दुसरं ‘किल्ल्यात संडास कुठे होता?’. या दुसऱ्याने तर धमाल उडवली. शाळांच्या वाचनालयांसाठी शिक्षण खात्याची मान्यता लागते. ती दोन्हींना मिळाली. मुलं ती पुस्तकं वर्गात बाकाखाली धरून वाचायची. एका शिक्षिकेने तक्रारीचं पत्र पाठवलं की वर्गात कारण नसताना हसण्याचे आवाज येतात. मावशीने ते पत्र चौकट करून भिंतीवर लावलं.

तिसरं पुस्तक ‘आपले राजे, त्यांचे राजे’. भांडण त्याच्या चौतिसाव्या पानावरून झालं. आमच्या गावातल्या मोठ्या चौकात ज्या महाराजांचा पुतळा आहे, त्यांच्या शेवटच्या लढाईबद्दल मावशीने लिहिलं होतं :

‘महाराज पळाले. चांगले जोरात पळाले. एक जोडा चिखलात राहिला, तरी थांबले नाहीत. त्यांच्या पागेच्या यादीत स्वच्छ लिहिलंय की घोडा परत आला आणि महाराजांचा एकच जोडा परत आला. काही पुस्तकांत तुम्ही वाचाल की महाराज डोंगराकडे वळले. विश्वास ठेवू नका. वळले असते तर दुसरा जोडा सापडला असता. ते पळाले म्हणून वाचले, आणि वाचले म्हणून आज तुम्ही त्यांच्याबद्दल वाचताय.’

मला विचाराल तर महाराजांबद्दल इतकं प्रेमाने कुणी लिहिलेलं नाही. पण पुतळा समितीला त्यातला एकच शब्द दिसला. समितीने खात्याकडे लेखी तक्रार केली, आणि खात्याने प्रकाशकाला बोलावून घेतलं.

प्रकाशक भला माणूस, पण घाबरट. तो थेट मावशीच्या घरी आला, खुर्चीच्या अगदी काठावर बसला आणि चहा गार होईपर्यंत विषयाला हातच घालेना. शेवटी म्हणाला, "बाई, खात्यातल्या साहेबांनी मार्ग काढलाय. पुस्तक मागे घ्यायला नको, पानं फाडायला नकोत. फक्त एक शुद्धिपत्र चिकटवायचं. पान चौतीस, ‘पळाले’ऐवजी ‘वळले’ असे वाचावे. चार बोटांचा कागद. म्हणजे छपाईची चूक होती असं होईल आणि प्रकरण मिटेल."

"आणि नाही चिकटवलं तर?"

"तर तिन्ही पुस्तकांची मान्यता रद्द. सगळ्या वाचनालयांतून परत. आणि चौथं तर मग..." त्याने हात हलवला. चौथं पुस्तक मावशीच्या टेबलावर अर्धं लिहून पडलं होतं.

"छपाईची चूक," मावशी म्हणाली. "कुणी केली म्हणायची?"

प्रकाशकाने माझ्याकडे बघितलं. "यांनी टाइप करताना झाली म्हणता येईल. भाची आहे, घरचीच आहे, नाव कुठे येणार नाही. आणि तुम्ही स्वतः मुद्रितशोधक. तुम्ही सही करून चूक म्हणालात तर कोण शंका घेणार?"

आता मी खरं सांगते. माझी तयारी होती. सदुसष्ट वर्षांची बाई, तिचा सगळा जीव त्या तीन पुस्तकांत, आणि एका शब्दासाठी ती पुस्तकं पोरांच्या हातातून जाणार. माझ्या चुका नाहीतरी पानागणिक निघत होत्याच, आणखी एकीने माझं काय बिघडणार होतं. मी म्हटलं, "मावशी, म्हण की माझ्याकडून झाली. मला काही वाटणार नाही."

मावशी माझ्यावर इतकी चिडलेली मी त्याआधी पाहिली नव्हती. "तुला वाटणार नाही हे मला कळलं," ती म्हणाली. "मला वाटेल, त्याचं काय?" आणि प्रकाशकाला तिने सांगितलं की मी स्वतः कार्यालयात येऊन काय ते लिहून देते. त्याला वाटलं, काम झालं. निघताना त्याने गार चहासुद्धा पिऊन टाकला.

शिक्षण खात्याच्या कार्यालयात आम्ही दोघी गुरुवारी सकाळी गेलो. जिन्यात जुनी बाकं एकावर एक रचून ठेवलेली, त्यामुळे एका वेळी एकालाच चढता येत होतं. साहेबांच्या खोलीत टेबलावर काच, काचेखाली कॅलेंडर आणि फोन नंबरांच्या चिठ्ठ्या. समितीची तक्रार वरच ठेवलेली होती. साहेब काही राक्षस नव्हते. त्यांनी मावशीला आधी बसायला सांगितलं, पाणी मागवलं, आणि अगदी सौम्यपणे म्हणाले, "बाई, माझ्या मुलीने तुमची पुस्तकं वाचली आहेत. मला ती राहायला हवी आहेत. पण एका शब्दाने असं काय होतंय?"

"काही होत नसेल तर राहू द्या की तो," मावशी म्हणाली.

साहेबांनी कपाळ चोळलं. मग त्यांनी एक कोरा कागद आणि पेन तिच्यासमोर सरकवलं. मावशीने पेन उचललं, पण लिहिलं नाही. ती बोलायला लागली, आणि जे बोलली ते मलाही ठाऊक नव्हतं. काकांना ठाऊक असेल.

"साहेब, असंच एक शुद्धिपत्र मी एकदा द्यायचं टाळलंय. अठ्ठावीस वर्षांपूर्वी सातवीच्या इतिहासाचं पुस्तक आमच्याकडे छपाईला आलं. इथल्याच शाळेत इतिहास शिकवणाऱ्या एका मास्तरांनी लिहिलेलं. त्यांनी पागेची यादी शोधून काढली होती, जोड्याची गोष्ट मला त्यांच्याकडूनच कळली. त्यांनी लिहिलं होतं, महाराज पळाले. आमच्या संपादकांनी मला खोलीत बोलावलं, म्हणाले, हे बरं दिसत नाही, वळले करा. तो अधिकार ना त्यांचा होता ना माझा. लेखकाला विचारायला हवं होतं. पण माझ्याच हाताने मी ‘पळाले’वर रेघ मारली आणि बाजूला ‘वळले’ लिहिलं. पुस्तक छापून गेलं.

"मग मास्तर आले. छापखान्यात, माझ्या टेबलापाशी. पुस्तक उघडून त्यांनी त्या ओळीवर बोट ठेवलं. संपादकांनी मला सांगून ठेवलं होतं, तसं मी म्हणाले, अक्षरांचे खिळे जुळवताना चूक झाली असणार, जुळाऱ्याच्या हातून. मास्तरांनी पान डोळ्यांजवळ नेलं. म्हणाले, प च्या जागी व पडू शकतो, शेजारच्या खणातला खिळा उचलला असेल. पण बाई, ळ चा काना कुठे गेला?"

साहेबांनी टेबलाच्या काचेवर बोटाने दोन्ही शब्द गिरवून पाहिले. मीही मनातल्या मनात.

"दोन अक्षरांत दोन चुका, आणि शब्द मात्र बरोब्बर अर्थाचा, असं कुठला जुळारी करतो? मास्तरांना कळलं होतं. ते एवढंच म्हणाले की चूक असेल तर शुद्धिपत्र लावा. कुणी लावलं नाही. जुळाऱ्याला बोलणी बसली, त्याने मान खाली घालून ऐकून घेतली. मी तिथेच बसले होते, साहेब. माझं नाव वेलांटीबाई आणि मी एक काना खाल्ला. त्याची मला लाज वाटते. रोज वाटत नाही, पण वाटते तेव्हा फार वाटते. आता तुम्ही म्हणताय, खऱ्या शब्दाला पुन्हा एकदा चूक म्हणा, आणि या वेळी ती या पोरीच्या अंगावर ढकला. मी नाही म्हणणार. पुस्तकं नेताय तर न्या."

"बाई, ते अठ्ठावीस वर्षांपूर्वीचं," साहेब म्हणाले. त्यांचा आवाज खरोखर दमलेला होता. "आज कुणाला आठवतंय? मला सोमवारपर्यंत समितीला उत्तर द्यायचंय. तुम्ही शुद्धिपत्र देणार की नाही तेवढं सांगा."

"देते ना," मावशी म्हणाली, आणि तिने लिहिलं. तिचं अक्षर अजून छापल्यासारखं आहे. साहेबांनी कागद वाचला, परत तिच्याकडे सरकवला आणि म्हणाले, "हे मी घेऊ शकत नाही."

"तुम्ही नका घेऊ. खाली आवक विभाग घेईल. नागरिकाचा अर्ज नाकारता येत नाही, हे तुमच्याच जिन्यात लिहिलंय. ‘नागरिक’ची वेलांटी चुकलीय तेवढी सुधारा."

जिना मावशी माझ्यापुढे उतरली. तळमजल्यावर आवक-जावकची खिडकी होती, आणि खिडकीमागे चाळिशीचा एक लिपिक, समोर जाड नोंदवही, बाजूला शिक्का. त्याने कागद न बघताच घेतला, शिक्का उचलला, आणि मग विषय काय लिहायचा म्हणून पहिली ओळ वाचली. शिक्का त्याने खाली ठेवला. कागदावर एवढंच होतं :

‘शुद्धिपत्र. इयत्ता सातवी, इतिहास. पान ५२, ओळ ९. ‘वळले’ऐवजी ‘पळाले’ असे वाचावे. ही छपाईची चूक नव्हती. जुळाऱ्याचीही नव्हती. ती मी केली होती.’ खाली पूर्ण नाव, मुद्रितशोधक, आणि सही.

लिपिकाने मावशीकडे बघितलं. "मास्तरांचं पुस्तक?"

"हो."

"मी त्यांच्या वर्गात होतो," तो म्हणाला. "मास्तर पुस्तक मिटून शिकवायचे तो धडा. म्हणायचे, पुस्तकात वळलेत, पण पोरांनो, ते पळाले होते. वार्षिक परीक्षेत रिकाम्या जागांमध्ये आलं, महाराज डोंगराकडे टिंब टिंब. मी लिहिलं पळाले. पेपर दुसऱ्या शाळेत तपासायला जायचे. माझा मार्क कापला. मी घरी सांगितलं की माझं बरोबर आहे. तर बाबा मला घेऊन शाळेत गेले. हेडमास्तरांनी पुस्तक उघडून दाखवलं. बाबांनी तिथेच माझ्या थोबाडीत दिली. मार्क गेला म्हणून नाही. खोटं बोलतो म्हणून."

खिडकीशी आमच्यामागे दोन माणसं उभी होती, पण त्यांनी घाई केली नाही. मावशीने खिडकीच्या कठड्यावर दोन्ही हात ठेवले. तिचे डोळे भरले होते आणि ते पुसायचा तिने प्रयत्न केला नाही.

"तुम्ही बरोबर लिहिलं होतं," ती म्हणाली. "चूक माझी होती. माफ करा."

"बाबा आता नाहीत," लिपिक म्हणाला. "असते तर त्यांना दाखवलं असतं." मग त्याने नोंदवही पुढे ओढली, तारीख टाकली, क्रमांक टाकला, आणि विषयाच्या रकान्यात, सरकारी कामात लिहितात तसं, ठळक अक्षरांत लिहिलं : ‘महाराज पळाल्याबाबत.’

त्याने मूळ कागदावर शिक्का मारला, झेरॉक्स काढून पोच म्हणून त्या प्रतीवरही मारला, आणि ती प्रत मावशीच्या हातात दिली. सोमवारी तिन्ही पुस्तकं शाळांच्या कपाटांतून गेली. चौथं मावशी लिहितेय, छापणारा अजून मिळालेला नाही, आणि आमच्या नात्यातल्या त्या सहा जणांचे आता आठ झालेत. नोंदवही मात्र कार्यालयातच आहे. खिडकीशी जाऊन क्रमांक सांगितला की तो लिपिक ती काढून दाखवतो. मी दोनदा जाऊन पाहून आलेय.